कंपनी काढायला काय लागतं, आणि टिकवायला?

म्हैसूरमध्ये लहान धंद्यांची एक नवी फळी उभी राहते आहे. गोकुलममध्ये योगवर्ग चालवणारे, हेब्बाळ आणि कूर्गळ्ळीच्या औद्योगिक वसाहतींत सुटे भाग बनवणारे, मोठ्या आयटी कंपनीतून बाहेर पडून दोन-चार जणांच्या जोरावर सॉफ्टवेअरचं काम घेणारे, अगरबत्ती नाहीतर रेशमी माल ऑनलाइन विकणारे. पुण्याहून, बेळगावहून, धारवाडकडून येऊन इथे स्थिरावलेली मराठी मंडळीही त्यांत आहेत. धंदा जरा हलायला लागला की सगळ्यांचा प्रश्न एकच असतो: आता प्रायव्हेट लिमिटेड करून टाकू का, आणि किती खर्च येईल?

उत्तर बहुतेक वेळा एका आकड्यात मिळतं. दहा हजार, पंधरा हजार, फार तर वीस. तो आकडा खोटा नसतो, पण त्यात कंपनीच्या आयुष्याचा फक्त पहिला दिवस मावतो. दुसऱ्या दिवसापासून जे खर्च सुरू होतात ते कोणी जाहिरातीत छापत नाही, आणि नको झालेली कंपनी बंद करायला काय लागतं हे तर बंद करायची वेळ आल्यावरच कळतं. लहान धंदेवाल्याने निर्णय घेताना पहिल्या आकड्याकडे जवळपास दुर्लक्ष करावं आणि पुढच्या दोन खर्चांकडे बघावं, असं माझं स्पष्ट मत आहे.

नोंदणीचा खर्च खरोखरच उतरला आहे, हे आधी मान्य करायला हवं. २०१५ पर्यंत खासगी कंपनीला किमान एक लाख रुपये भरणा भांडवल दाखवावं लागे. त्या वर्षीच्या दुरुस्तीने ती अट गेली. २०१६ पासून देशभरातल्या नोंदणीचं काम हरियाणातल्या मानेसरच्या केंद्रीय नोंदणी केंद्राकडे जाऊ लागलं, आणि फेब्रुवारी २०२० मध्ये ‘स्पाइस प्लस’ हा एकत्रित अर्ज आला. नाव, नोंदणी, संचालकांचे क्रमांक, पॅन, टॅन, भविष्य निर्वाह निधी, ईएसआय, बँक खातं हे सगळं एकाच फेरीत होतं. अधिकृत भांडवल १५ लाखांपर्यंत असेल तर केंद्र सरकार नोंदणीची फी घेत नाही. नाव आधी वेगळं राखून ठेवायचं असेल तर १,००० रुपये लागतात आणि ते २० दिवस राखलं जातं.

मग दहा-पंधरा हजार जातात कुठे? एक भाग डिजिटल सहीला, म्हणजे डीएससीला. दोन संचालक असले तर दोन सह्या, आणि दर दोन-तीन वर्षांनी नूतनीकरण. दुसरा भाग राज्याच्या मुद्रांक शुल्काला. हे शुल्क प्रत्येक राज्यात वेगळं असतं. कर्नाटकात कंपनीच्या नियमावलीवरचा मुद्रांक अधिकृत भांडवलाच्या प्रमाणात चढतो. महाराष्ट्रात ऑक्टोबर २०२४ पासून तो भांडवलाच्या ०.३ टक्के झाला आणि कमाल मर्यादा ५० लाखांवरून १ कोटीवर गेली. एक लाखाच्या कंपनीला याने फारसा फरक पडत नाही, पण ‘पुढे लागेलच’ म्हणून सुरुवातीलाच मोठं अधिकृत भांडवल लिहून ठेवणाऱ्याला पडतो. लागेल तेव्हा ते वाढवता येतं. उरलेला भाग सीए किंवा कंपनी सेक्रेटरीच्या (सीएसच्या) फीचा.

कर्नाटकातल्या नव्या कंपनीला व्यवसाय कराची नोंदणी स्पाइस प्लस अर्जातच सक्तीची आहे. महाराष्ट्र आणि पश्चिम बंगालमध्येही तसंच आहे. त्यामुळे म्हैसूरची कंपनी जन्मतानाच वर्षाला २,५०० रुपयांच्या व्यवसाय कराची देणेकरी होते, मग वर्षभरात एकही बिल फाडलेलं असो वा नसो.

नोंदणीकृत कार्यालयासाठी घराचा पत्ता चालतो. घरमालकाचं ना-हरकत पत्र आणि दोन महिन्यांपेक्षा जुनं नसलेलं वीजबिल लागतं. इथे ते चामुंडेश्वरी वीजपुरवठा निगमाचं. कायदा सांगतो की कंपनीच्या नावाची पाटी दाराबाहेर, स्थानिक वापरातल्या लिपीतही लावायची. म्हणजे म्हैसूरमध्ये कन्नडमध्ये. पाटीला खर्च किरकोळ येतो. मात्र भाड्याच्या घराचा मालक ‘कंपनी’ हा शब्द ऐकताच बिचकतो आणि ना-हरकत पत्राच्या बदल्यात भाडं वाढवून मागतो, हा अनुभव बऱ्याच जणांना येतो.

जागतिक बँकेच्या व्यवसाय सुलभता क्रमवारीत भारत २०१५ च्या अहवालातल्या १४२ व्या स्थानावरून २०२० च्या अहवालात ६३ व्या स्थानावर आला. नोंदणी सोपी करण्यामागे या क्रमवारीचा रेटा मोठा होता. पुढे आकडेवारीतल्या गडबडींमुळे बँकेने २०२१ मध्ये तो अहवालच बंद केला. त्यातला ‘धंदा सुरू करणे’ हा निकष कंपनी कागदावर किती दिवसांत आणि किती पैशांत येते हे मोजायचा. दरवर्षीच्या फायलिंगचा भार त्या निकषात येत नसे. जे मोजलं गेलं ते सुधारलं.

आता सांभाळण्याकडे वळू. खासगी कंपनी नोंदली की पहिल्या ३० दिवसांत संचालक मंडळाची पहिली बैठक आणि पहिल्या लेखापरीक्षकाची नेमणूक. १८० दिवसांत भागभांडवलाचे पैसे बँकेत आल्याचं दाखवून धंदा सुरू केल्याची घोषणा, म्हणजे आयएनसी-२०ए. ती चुकली तर कंपनीला ५०,००० रुपये दंड होऊ शकतो आणि जबाबदार संचालकांना दिवसाला १,००० वेगळे. एक लाखाचं भांडवल कागदावर लिहून ते कधी भरलंच नाही, अशा किती तरी लहान कंपन्या इथेच अडकतात.

त्यानंतर दरवर्षीचं चक्र. हिशोब लिहायचे, तेही ज्यातल्या नोंदी मागे जाऊन बदलल्या तर त्याची खूण राहते अशा संगणकप्रणालीत. एप्रिल २०२३ पासून प्रत्येक कंपनीला हे बंधन आहे. लेखापरीक्षण करायचं, उलाढाल शून्य असली तरी. संचालकांकडून घेतलेलं कर्ज असेल तर जूनअखेर डीपीटी-३ भरायचा. सप्टेंबरअखेर वार्षिक सर्वसाधारण सभा. सभेनंतर ३० दिवसांत ताळेबंद एओसी-४ मध्ये आणि ६० दिवसांत वार्षिक विवरण एमजीटी-७ए मध्ये. ऑक्टोबरअखेर आयकर विवरणपत्र. शिवाय संचालकांचं ठरावीक काळाने करायचं केवायसी, ज्याची मुदत चुकली की माणशी ५,००० रुपये.

म्हैसूरच्या धंदेवाल्याला यात एक खास अडचण आहे. सप्टेंबर-ऑक्टोबर म्हणजे इथला दसरा. हॉटेलं, होमस्टे, टॅक्सी, रेशीम, चंदन, मिठाई अशा सगळ्यांची वर्षाची मोठी कमाई त्या दिवसांत होते. नेमक्या त्याच आठवड्यांत सभा, लेखापरीक्षण, एओसी-४ आणि आयकर हे सगळं एकदम येतं. दुकानाच्या गल्ल्यावर बसलेला संचालक सीएचा फोन उचलत नाही आणि तारीख निघून जाते.

या फॉर्मची सरकारी फी अगदी थोडी आहे. एक ते पाच लाखांच्या भांडवलाला एका फॉर्मला ३०० रुपये, पाच ते पंचवीस लाखांना ४००. खरा खर्च माणसांचा: लेखापरीक्षकाची फी, हिशोबनिसाचा पगार, आयकर विवरणपत्र, इतिवृत्तं आणि नोंदवह्या लिहिणाऱ्याचं मानधन. व्यवहार तुरळक असलेल्या कंपनीलाही हे सगळं मिळून वर्षाला साधारण वीस-पंचवीस हजारांच्या खाली बसवणं अवघड जातं. जीएसटी, टीडीएस आणि पाच-सात कामगार असले की साठ-सत्तर हजार सहज होतात. जीएसटीचा भार कंपनी नसली तरी असतोच, तेव्हा त्याचा दोष कंपनीला देऊ नये. पण हिशोब करताना लोक त्याची गल्लत करतात, म्हणून सांगितलं.

सीए-सीएसच्या फीवर घासाघीस करणाऱ्यांशी माझं पटत नाही. म्हैसूरमध्ये सीए संस्थेची शाखा आहे, कंपनी सेक्रेटरींच्या संस्थेचं केंद्र आहे, आणि माणसाला समोर बसवून ताळेबंद समजावून देणारे व्यावसायिक इथे आहेत. त्यांची सही ही जोखीम असते. हजार रुपयांत कंपनी नोंदवून देतो म्हणणाऱ्या जाहिरातींत मुद्रांक, डीएससी आणि पहिल्या वर्षाचं फायलिंग धरलेलं नसतं, आणि वर्षाने तारीख उलटून गेल्यावर तिथल्या फोनवर उत्तर द्यायला ओळखीचं कोणी नसतं.

कारण उशीर हाच या सगळ्या प्रकरणातला सर्वांत महाग भाग आहे. जुलै २०१८ पासून एओसी-४ आणि वार्षिक विवरण यांना उशीर झाला तर प्रत्येक फॉर्मला दिवसाला १०० रुपये जादा शुल्क लागतं, आणि या शुल्काला वरची मर्यादा नाही. एक वर्ष उशीर म्हणजे एका फॉर्मला ३६,५०० आणि दोन फॉर्मना ७३,०००. दोन वर्षांची विवरणं राहिली तर जुन्या वर्षाच्या दोन फॉर्मना दोन वर्षांचे १,४६,००० आणि नंतरच्या वर्षाचे ७३,०००, मिळून २,१९,०००. हे शुल्क भांडवल किंवा उलाढाल पाहून ठरत नाही. एक लाखाच्या भांडवलाची, दोन भावांनी चालवलेली अगरबत्ती पॅकिंगची कंपनी असो की शंभर कोटींची, दिवसाचे शंभर ते शंभरच. याशिवाय निबंधक वेगळा दंड लावू शकतो, आणि सलग तीन वर्षं विवरणपत्रं भरली नाहीत तर संचालक पाच वर्षांसाठी अपात्र ठरतात. केवळ त्याच कंपनीत नाही, इतरत्रही.

२०१७ मध्ये हे देशभर घडलं. दोन लाखांहून अधिक कंपन्या नोंदवहीतून काढल्या गेल्या आणि तीन लाखांहून अधिक संचालक अपात्र ठरले. बनावट कंपन्यांना आळा घालणं हा हेतू होता आणि तो योग्यच होता. पण त्या यादीत मोठ्या संख्येने अशी माणसंही होती ज्यांनी कधीतरी हौसेने कंपनी काढली, धंदा जमला नाही, आणि कागदाचं भान राहिलं नाही. सरकारने २०१८ मध्ये विलंबमाफीची आणि २०२० मध्ये नव्याने सुरुवातीची योजना आणली. माफीच्या योजना अशा पुन्हा पुन्हा आणाव्या लागतात, त्याअर्थी मूळ शुल्कच गैरवाजवी आहे असं मला वाटतं.

याच्या शेजारी एलएलपी, म्हणजे मर्यादित दायित्व भागीदारी ठेवून पाहावी. २००८ च्या कायद्याने ती आली आणि २००९ पासून नोंदणी सुरू झाली. एक लाखापर्यंतच्या भांडवलाला नोंदणी फी ५०० रुपये. भागीदारीचा करारनामा मुद्रांकावर करून ३० दिवसांत दाखल करायचा. वर्षाला दोनच विवरणं: ३० मेपर्यंत फॉर्म ११ आणि ३० ऑक्टोबरपर्यंत फॉर्म ८. उलाढाल ४० लाखांच्या आत किंवा भांडवल २५ लाखांच्या आत असेल तर लेखापरीक्षणाची सक्ती नाही. सर्वसाधारण सभा नाही, संचालक मंडळाच्या बैठकांची इतिवृत्तं नाहीत.

एलएलपीलाही आधी दिवसाला शंभर रुपयेच लागायचे. २०२१ च्या दुरुस्तीनंतर, एप्रिल २०२२ पासून, ते बदललं. छोट्या एलएलपीला उशिराच्या कालावधीप्रमाणे मूळ फीच्या पटीत जादा शुल्क लागतं. एक लाख भांडवलाच्या छोट्या एलएलपीची फॉर्मची फी ५० रुपये. जवळपास वर्षभर उशीर झाला तर तिच्या १५ पट, म्हणजे ७५० रुपये. खासगी कंपनीला त्याच उशिरासाठी ३६ हजारांच्या आसपास. दोन्ही ठिकाणी माणसं तीच, धंदा तोच आणि चूकही तीच. वेगळा दंड दोन्हीकडे संभवतो, हे खरं. तरी हा फरक नोंदणीच्या आधी कोणी सांगत नाही.

मग सगळ्यांनी एलएलपीच का करू नये? इथे आयकर आडवा येतो, आणि हा खर्च तक्त्यात दिसत नसल्यामुळे त्यावर जरा थांबतो.

लहान व्यापारी एकट्याच्या नावावर किंवा साध्या भागीदारीत धंदा करत असेल तर ठरावीक मर्यादेत त्याला अनुमानित नफ्यावर कर भरता येतो: उलाढाल दोन कोटींपर्यंत, रोखीचे व्यवहार पाच टक्क्यांच्या आत असले तर तीन कोटींपर्यंत, नफा आठ टक्के, बँकेतून आलेल्या रकमेवर सहा टक्के धरायचा. जाडजूड हिशोबवह्या लागत नाहीत. ही सोय एलएलपीला नाही, कंपनीलाही नाही. देवराज मार्केटमधल्या व्यापाऱ्याने दुकानाची एलएलपी केली की त्याच दिवशी ही सोय हातची जाते.

दुसरी गोष्ट दराची. एकट्याच्या धंद्यात वर्षाला दहा लाख नफा झाला तर २०२५-२६ पासूनच्या नव्या करप्रणालीत, बारा लाखांपर्यंतच्या सवलतीमुळे, कर शून्य. एलएलपीला पहिल्या रुपयापासून ३० टक्के, उपकर धरून ३१.२ टक्के. भागीदारांना मेहनताना देऊन करपात्र नफा कमी करता येतो, पण त्याला कमाल मर्यादा आहे: पहिल्या सहा लाखांच्या नफ्यावर ९० टक्के किंवा तीन लाख यांपैकी जास्त असेल ते, पुढच्यावर ६० टक्के. दहा लाखांच्या नफ्यावर हे ७ लाख ८० हजार होतात. उरलेल्या २ लाख २० हजारांवर एलएलपी ६८,६४० रुपये कर भरते. एप्रिल २०२५ पासून भागीदाराचा मेहनताना वर्षाला २०,००० च्या वर गेला की दहा टक्के टीडीएसही कापायचा.

कंपनीला नव्या पर्यायात २२ टक्के, अधिभार आणि उपकर धरून २५.१७ टक्के. संचालकाला वाजवी पगार देता येतो आणि त्याला एलएलपीसारखी ठरावीक मर्यादा नाही. पण कंपनीत उरलेला पैसा लाभांश म्हणून काढला की तो २०२० पासून भागधारकाच्या हातात पुन्हा करपात्र आहे. कर्ज म्हणून काढला तर तो मानीव लाभांश ठरू शकतो. घरखर्चाला गल्ल्यातून पैसे उचलायची सवय असलेल्या माणसाला कंपनीत सर्वांत जास्त त्रास होतो तो याचा. कंपनीचा पैसा त्याचा नसतो. मामाकडून, मित्राकडून उसने घेणंही सरळ राहत नाही. संचालकाकडून किंवा त्याच्या नातेवाइकाकडून, रक्कम स्वतःची असल्याचं लेखी घेऊन, कर्ज घेता येतं. मित्राकडून घेतलं तर ती ठेव ठरते, आणि ठेवींचे नियम लहान कंपनीला झेपणारे नाहीत.

हे सगळे पैसे मोजून आपण विकत काय घेतो? मर्यादित जबाबदारी. धंदा बुडाला तर भागधारकाचे भांडवलाएवढेच पैसे जातात, घरदार जात नाही. ही गोष्ट लहान नाही. भारतात १८५० मध्ये कंपन्यांच्या नोंदणीचा पहिला कायदा झाला तेव्हा हे संरक्षण नव्हतं. ते १८५७ मध्ये आलं, आणि तेव्हाही बँका व विमा कंपन्यांना वगळून. ब्रिटनमध्ये १८७८ साली सिटी ऑफ ग्लासगो बँक बुडाली तेव्हा तिचे भागधारक अमर्यादित जबाबदारीचे होते आणि शेकडो घरं धुळीला मिळाली. आजही १९३२ च्या कायद्याखालच्या साध्या भागीदारीत एका भागीदाराने केलेल्या देण्यासाठी दुसऱ्याचं घर विकलं जाऊ शकतं.

पण म्हैसूरच्या लहान उद्योजकाला हे संरक्षण प्रत्यक्षात किती मिळतं? बँकेकडे कर्ज मागायला गेलं की पहिला कागद पुढे येतो तो संचालकांच्या वैयक्तिक हमीचा. ती सही केली की त्या कर्जापुरती मर्यादित जबाबदारी संपली. सूक्ष्म व लघु उद्योगांसाठीच्या पतहमी योजनेत तारण आणि तिऱ्हाइताची हमी लागत नाही, आणि एप्रिल २०२५ पासून तिची मर्यादा दहा कोटींपर्यंत गेली आहे. तरी खुद्द प्रवर्तकांची हमी बँका घेतातच. मे २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ललित कुमार जैन प्रकरणात कंपनीच्या वैयक्तिक हमीदारांवर दिवाळखोरी संहितेखाली कारवाई करण्याची तरतूद वैध ठरवली. कंपनीची सुटका झाली म्हणून हमीदार सुटत नाही, हेही त्यात स्पष्ट झालं. खासगी कंपनीचा आयकर किंवा जीएसटी थकला आणि कंपनीकडून वसूल झाला नाही, तर आपल्या गंभीर हलगर्जीपणामुळे तो थकला नाही हे संचालकाला सिद्ध करावं लागतं. नाहीतर वसुली त्याच्याकडून. चेक वटला नाही तर सही करणारा आणि कारभार पाहणारा, दोघेही खटल्यात.

म्हणजे संरक्षण उरतं ते मुख्यतः पुरवठादार, जागामालक, ग्राहक आणि अपघातातून येणाऱ्या दाव्यांपासून. सुटे भाग बनवणाऱ्याच्या दृष्टीने हे फार मोलाचं आहे. एका सदोष भागामुळे आलेला नुकसानभरपाईचा दावा घर घेऊन जाऊ शकतो. निर्यात करणाऱ्या सॉफ्टवेअरवाल्यालाही, कारण परदेशी करारांत भरपाईची कलमं कडक असतात. घरी डबे पुरवणाऱ्याला किंवा एकट्याने शिकवण्या घेणाऱ्याला त्याची तेवढी गरज नसते. त्याने विम्याचा हप्ता भरावा, तो स्वस्त पडतो.

मराठी उद्योगाच्या इतिहासाकडे पाहिलं तर एक क्रम दिसतो. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १८८८ मध्ये बेळगावात सायकलचं दुकान काढलं. १९१० मध्ये किर्लोस्करवाडी वसली. किर्लोस्कर ब्रदर्स ही मर्यादित कंपनी झाली १९२० मध्ये. दुकानापासून लिमिटेडपर्यंत बत्तीस वर्षं; बाहेरच्या माणसांचं भांडवल घ्यायची वेळ आली तेव्हा कंपनी आली. आज हा क्रम उलटा झाला आहे, ग्राहक मिळायच्या आधी कंपनी निघते. नोंदणी फुकट केल्याचा हा सरळ परिणाम आहे, आणि तो चांगला आहे असं मी म्हणणार नाही.

म्हैसूर संस्थानात १९४१ मध्ये हरिहरला उभी राहिलेली म्हैसूर किर्लोस्कर लिमिटेड पुढे बंद पडून न्यायालयामार्फत अवसायनात गेली. दुसरीकडे, म्हैसूर शहरात १९३७ मध्ये नाल्वडी कृष्णराज वडियार यांच्या काळात लाख आणि रंगांचा कारखाना म्हणून सुरू झालेली मैसूर पेंट्स अँड वार्निश लिमिटेड आजही चालू आहे. १९६२ पासून देशभरातल्या मतदारांच्या बोटावरची शाई तीच पुरवते. माणसं गेली, राजवट गेली, तरी कंपनी राहिली. अखंड अस्तित्व हा कंपनीचा मोठा गुण आहे, मालकी पुढच्या पिढीकडे किंवा बाहेरच्याकडे भागांच्या रूपाने सोपवता येणं हा दुसरा. ज्याला गुंतवणूकदार आणायचे आहेत त्याने कंपनीच करावी. एलएलपीत भाग नसतात आणि गुंतवणूकदार तिच्याकडे फिरकत नाहीत.

एकट्यासाठी एकल व्यक्ती कंपनी आहे. एप्रिल २०२१ पासून तिच्यावरची भांडवल-उलाढालीची मर्यादा उठली. सर्वसाधारण सभा नाही, पण लेखापरीक्षण आणि दोन्ही फॉर्म आहेतच, त्यामुळे खर्च फारसा वाचत नाही.

परदेशातल्या मराठी नातेवाइकांकडून ‘आमच्याकडे एलएलसी दोनशे-तीनशे डॉलरमध्ये होते’ असं ऐकू येतं. डेलावेअरमध्ये एलएलसीचा वार्षिक कर ३०० डॉलर आहे हे खरं. पण धंदा कॅलिफोर्नियातून चालवला तर तिथला किमान वार्षिक कर ८०० डॉलर वेगळा भरावा लागतो. न्यूयॉर्कमध्ये दोन वर्तमानपत्रांत सहा आठवडे जाहिरात द्यावी लागते. जर्मनीत जीएमबीएचला २५,००० युरोंचं भांडवल लागतं. सांभाळण्याचा खर्च सगळीकडेच आहे. फरक इतकाच की बऱ्याच ठिकाणी तो आधी दिसतो.

बंद करण्याचा खर्च शेवटी येतो. धंदा थांबलेल्या कंपनीचं नाव नोंदवहीतून काढायला एसटीके-२ अर्ज असतो, फी १०,००० रुपये. म्हणजे जिच्या जन्माला सरकारने काही घेतलं नाही तिला बंद करायला दहा हजार. त्याआधी धंदा थांबला त्या आर्थिक वर्षापर्यंतची सगळी विवरणं भरायची, बँक खातं बंद करायचं, देणी मिटवायची, हमीपत्र आणि प्रतिज्ञापत्र द्यायचं, सीएकडून ताजं हिशोबपत्रक प्रमाणित करून घ्यायचं. मे २०२३ पासून हे काम मानेसरच्याच वेगळ्या केंद्राकडे गेल्यामुळे आता ते महिनोन्‌महिने रेंगाळत नाही. ही सुधारणा खरी आहे. पण थकलेल्या विवरणांचं दिवसाला शंभरचं शुल्क आधी भरावं लागतं, आणि तिथेच बहुतेक जण मागे फिरतात. कंपनी तशीच पडून राहते, शुल्क वाढत जातं. धंदा काही वर्षं थांबवून पुन्हा सुरू करायचा असेल तर सुप्त कंपनीचा दर्जा मागता येतो, तो वेळेवर मागावा.

डिसेंबर २०२५ मध्ये सरकारने ‘लहान कंपनी’ची व्याख्या भरणा भांडवल चार कोटींवरून दहा कोटी आणि उलाढाल चाळीस कोटींवरून शंभर कोटी इतकी रुंद केली. त्यामुळे वर्षाला दोनच बैठका, सोपं वार्षिक विवरण, कागदी भागपत्रं चालणं आणि दंडात सूट या सवलती कितीतरी जास्त कंपन्यांना मिळाल्या. त्या बदलाने दोन गोष्टींना हात लावला नाही: शून्य उलाढालीलाही लागू असलेलं सक्तीचं लेखापरीक्षण आणि दिवसाला शंभर रुपयांचं विनामर्यादा शुल्क. ब्रिटनमध्ये लहान कंपन्यांना लेखापरीक्षणातून सूट आहे. आपल्याकडे राष्ट्रीय वित्तीय अहवाल प्राधिकरणाने २०२१ मध्ये याच प्रश्नावर चर्चापत्र काढलं होतं, आणि सनदी लेखापालांच्या संस्थेने त्याला विरोध केला. एलएलपीला जी चाळीस लाखांची उलाढालीची मर्यादा आहे ती खासगी कंपनीलाही लावावी, आणि उशिराचं शुल्क मूळ फीच्या पटीत बांधावं. दोन्ही नमुने सरकारच्याच दुसऱ्या कायद्यात तयार आहेत. ते होईपर्यंत गोकुलममधल्या दोन योगशिक्षकांना मी एलएलपी सुचवेन, हेब्बाळमधल्या यंत्रकारखानदाराला खासगी कंपनी, आणि ज्याचा पहिला ग्राहक अजून यायचा आहे त्याला स्वतःच्या नावावरचं, लघुउद्योग नोंदणीचं उद्यम प्रमाणपत्र, जे फुकट मिळतं आणि दरवर्षी फी मागत नाही.